ओळीवर ठेवलेले बोट

दादा वकील कायदा तोंडाने कधीच सांगत नसत. ते पुस्तक उघडत, ओळ शोधत आणि समोरच्या माणसाची तर्जनी धरून त्या ओळीवर टेकवत. माणूस निरक्षर असला तरी हा विधी चुकत नसे. "माज्या तोंडार विश्वास ठेवू नको. बोट हय ठेव, मगे आयक," असे म्हणून ते ओळ आधी इंग्रजीत वाचत आणि मग मालवणीत फोड करून सांगत. त्यांच्या पश्चात आमच्या वकील मंडळींनी काढलेल्या स्मरणिकेत 'कायदा त्यांच्या जिभेवर नांदत होता' असे वाक्य आहे. ज्याने ते लिहिले, त्याने दादांच्या ओटीवर कधी पाय ठेवला नसावा. दादांच्या जिभेवर कायदा नव्हता. तिथे फक्त पान उलटण्यापुरती ओल होती.

सावंतवाडीतल्या त्या ओटीवर भिंतभर फौजदारी कायद्याचे ग्रंथ, न्यायनिवाड्यांचे खंड आणि तुरुंगाच्या नियमांची जाडजूड पुस्तके होती. रविवारी कैद्यांचे नातेवाईक येत. भेट कधी मिळते, आई आजारी असेल तर रजा देतात का, असे त्यांचे प्रश्न असत. बाजार आटोपून आलेल्या कोळणींच्या बोटांनी पाने डागाळत. "दादानू, तुमच्या कायद्याक बांगड्याचो वास येता," असे मी एकदा डिवचले. "येवंदे. भितर आसलेल्यांची घरा अशीच वासतत," ते म्हणाले.

कायदा बदलला की छापील दुरुस्तीच्या चिठ्ठ्या येत. त्या जुन्या ओळींशेजारी चिकटवायचे काम दादा कारकुनाला देत नसत. भाताची खळ स्वतः शिजवत आणि दुपारभर चिकटवत बसत. खळीत मोरचूद घाला, नाहीतर कसर लागेल, असे मी अनेकदा सांगितले. आमच्या दमट हवेत पुस्तक बांधणारा प्रत्येक माणूस ते घालतो. दादांनी ते कित्येक वर्षे मानले नाही. "जीभ लावून पान परततंय मी. मोरचूद इख आसा, माका मारतंस काय रे?" हे त्यांचे उत्तर. पुढे जे घडले त्याचे मूळ या खळीत आहे. त्याविषयी जे इतर काही सांगितले जाते, ते मला मान्य नाही.

आरोंद्याची द्रौपदी त्यांच्याकडे वर्षानुवर्षे येत असे. तिच्या नवऱ्याने जाळ्यावरून झालेल्या भांडणात एकाला वल्ह्याने मारले, तो मेला आणि नवऱ्याला जन्मठेप झाली. त्याची होडी खाडीकाठी माडाच्या झापांखाली पालथी पडून होती. पलीकडच्या गावचा एक जण ती विकत मागत होता. ठेवायची, तर काजूचे तेल लावून फळ्या बदलायला हव्यात. विकायची, तर तो सुटून आल्यावर पोट कशावर भरायचे? द्रौपदी एवढेच विचारायला आली होती. "नारळी पुनवेक होडी पाण्यात घालूक माजो घोव आसतलो मां?" दादांनी पुस्तक उघडले आणि तिचे बोट ओळीवर टेकवले. शिक्षेत मिळालेली सूट धरता त्याला सोडता येईल, असे त्या ओळीत होते. होडी ठेव, असे दादांनी सांगितले. तिने गिऱ्हाईक परतवले आणि फळ्या बदलल्या.

मीही वकील; टंकयंत्र माझ्या कचेरीत होते. सुटकेचा अर्ज टंकलिखित करायला दादा तिथे आले, तेव्हा मी माझे पुस्तक उघडले. माझ्या प्रतीत त्या जागी चिठ्ठी होती. अशा जन्मठेपेच्या कैद्याची चौदा वर्षे पुरी भरल्याखेरीज सुटका नाही, असे नव्या कलमात होते. नवऱ्याची निम्मीदेखील भरली नव्हती. दादांनी त्या चिठ्ठीवर स्वतःचे बोट ठेवले आणि बराच वेळ ते तसेच राहू दिले. मग आम्ही त्यांच्या ओटीवर गेलो. त्यांच्या प्रतीत चिठ्ठीच्या जागी खळीचा फिकट चौकोन होता. कसरीने कागद खाल्ला होता.

बाजारात आजही सांगतात, की दादांना सारे ठाऊक होते आणि बाईला बरे वाटावे म्हणून ते खोटे बोलले. दादा दयेपोटीही खोटे बोलत नसत. दुसरे सांगतात, की तोंड दाखवायला नको म्हणून त्यांनी निरोप धाडला. हे धादांत असत्य आहे. दुसऱ्या दिवशीच्या पहिल्या एस.टी.ने ते आरोंद्याला गेले आणि मी त्यांच्या शेजारी बसलो होतो.

द्रौपदी होडीला तेल लावत होती. दादांनी उभ्या उभ्या सांगितले: चौदा वर्षे, नवे कलम, चिठ्ठी कसरीने खाल्ली, चूक माझी. तिचा हात थांबला नाही. उरलेली फळी पुरी करून तिने विचारले, "मगे होडी इकू काय ठेवू, ता तरी सांगा."

"ता खंयच्याच पुस्तकात नाय, गो," दादा म्हणाले.

तिने तेलाचे मडके उचलले. आम्ही तिघांनी मिळून होडीवर पुन्हा झाप घातले.

त्यानंतर त्यांनी एक नवा नेम धरला. आपल्या पुस्तकात ओळ दाखवून झाली की माणसाला घेऊन ते माझ्याकडे येत आणि तीच ओळ माझ्या प्रतीत पुन्हा दाखवत. खळीत मोरचूद पडू लागले आणि पाने उलटायला शेजारी पाण्याची वाटी आली. मात्र त्या फिकट चौकोनावर त्यांनी दुसरी चिठ्ठी कधी चिकटवली नाही.

नवऱ्याची चौदा वर्षे भरण्याआधीच दादा गेले. त्यांची पुस्तके माझ्याकडे आली आणि रविवारची माणसेही. मीही त्यांची बोटे धरतो.

एका रविवारी द्रौपदी आली. होडीला वाळवी लागली, जळणाला काढली, असे तिने बसता बसता सांगितले. घोव आता कधी येणार, हे तिला विचारायचे होते. मी दादांची प्रत उघडली आणि तिथून माझ्या प्रतीकडे वळणार, एवढ्यात तिने आपणहून हात पुढे केला. त्या पानावर ओळी पुष्कळ होत्या. तिने बोट नेमके खळीच्या चौकोनावर टेकवले.

"हयच व्हती काय ती चिठी?"

"होय."

तिने बोट उचलले नाही. मीही दुसरे पुस्तक उघडायची घाई केली नाही.