मालक खेळायला बसले आहेत

फ्रीजच्या दारात सॉसच्या पुड्या साठत जातात, तसे काही घरांत किस्से साठतात. कुणी मुद्दाम आणत नाही आणि टाकवत तर कुणालाच नाहीत. आमच्या घरातले बहुतेक किस्से कॉम्प्युटर गेम्सचे आहेत, असं सांगितलं की लोक आधी माझ्या पांढऱ्या केसांकडे बघतात.

गेम्स माझे नव्हेत, नवऱ्याचे. शिरीष पंप बनवणाऱ्या एका कंपनीत इंजिनिअर होता. संध्याकाळी घरी आला की चहाचा कप घेऊन कॉम्प्युटरसमोर बसायचा. त्याच्या ऑनलाइन खात्यात विकत घेतलेल्या गेम्सचं कपाट गच्च भरलेलं होतं, पण एकट्याने खेळणं म्हणजे त्याला एकट्याने जेवल्यासारखं वाटायचं. मग त्याला कळलं की हे कपाट आपल्या माणसांना वापरायला देता येतं. अट एवढीच की एका वेळी एकानेच खेळायचं. आणि मालक स्वतः बसला, की त्या वेळी जो खेळत असेल त्याच्या पडद्यावर पाटी येणार, पाच मिनिटांत आवरा.

पाटी इंग्रजीत यायची. बापटांनी तिचं सदाशिव पेठी भाषांतर केलं होतं, "मालक खेळायला बसले आहेत. पाहुण्यांनी उठावे."

बापट म्हणजे शिरीषचे कॉलेजपासूनचे मित्र. आमच्या समोरच्याच इमारतीत राहतात. कपाट वापरणारे तिघं होते. बापट, हिंजवडीत नोकरी करणारी आमची मुलगी मुक्ता आणि खराडीतला माझा धाकटा दीर सुहास. मी मात्र कधी एकही गेम घेतला नाही. शिरीष खेळायचा तेव्हा मी शेजारच्या खुर्चीत पुस्तक वाचत बसायचे.

*

सुरुवातीला नुसता गोंधळ होता. एक जण बसला की दुसऱ्याला कपाट बंद. मग फोनाफोनी, "कोण बसलंय?" "मी नाही!" "मग कोण?"

मी एका कॉलेजात ग्रंथपाल आहे. शिरीषने एकदा विचारलं, "तुमच्याकडे एकच पुस्तक तिघांना हवं असलं तर काय करता?"

"नोंद करतो," मी म्हटलं. "आणि नोंद केली नाही तर ओरडतो."

त्याच संध्याकाळी व्हॉट्सॲपवर आमचा ग्रुप निघाला आणि मी नियम घालून दिले. एक, गेम घेतला की 'घेतला' लिहा. दोन, सोडला की 'ठेवला' लिहा. तीन, याशिवाय काहीही लिहू नये.

पहिल्याच सकाळी सुहासने गुलाबाचं फूल आणि 'शुभ प्रभात' पाठवलं. बापटांनी तत्काळ विचारलं, "हा कुठल्या गेममधला?"

त्यानंतर ग्रुपवर फूल उगवलं नाही.

*

सुहास घरून काम करायचा त्या दिवसांतली गोष्ट. मीटिंग लांबली की तो कोपऱ्यात एक छोटी खिडकी उघडून गावं वसवण्याचा गेम खेळायचा. एकदा मॅनेजरने त्याला अचानक सांगितलं, "सुहास, तुझी स्क्रीन शेअर कर." याने घाईघाईने गेम खाली दडवला आणि आकड्यांचा तक्ता वर आणला.

नेमका त्याच वेळी इकडे शिरीष बसला. तक्त्याच्या डोक्यावर, सगळ्या ऑफिसच्या देखत, पाटी आली. शिरीष आता सुरू करत आहेत, आपल्याकडे पाच मिनिटं आहेत.

मॅनेजरने विचारलं, "हे शिरीष कोण?"

सुहास म्हणाला, "सीनिअर आहेत, सर. त्यांचं अप्रूव्हल लागतं."

"मग पुढच्या मीटिंगला त्यांनाही बोलवा!"

शिरीष तर इस्त्रीचा शर्ट काढून तयार होता. सुहासनेच हातापाया पडून त्याला थांबवलं.

*

बापट एका गेममध्ये बरेच दिवस एका राक्षसाशी लढत होते आणि हरत होते. शेवटी त्यांनी ऑफिसात रजा टाकली. घरात सांगितलं, "आज निकाल लावतो." अंघोळ करून, नाश्ता करून बसले, तर कपाट बंद!

मुक्ता सकाळी घोडेस्वारीचा गेम उघडा ठेवून कंपनीच्या बसमध्ये जाऊन बसली होती. ती फेज वनमध्ये राहते आणि ऑफिस फेज थ्रीमध्ये. हे अंतर चालत लवकर संपतं, पण बसचे पैसे कंपनी देते. बस चौकात अडकलेली. बापटांनी फोन लावला.

"मुक्ते, मी रजा टाकून बसलोय आणि तू घोडा दारात बांधून कामाला गेलीस?"

"सॉरी काका! सोनाली घरी आहे, तिला सांगते बंद करायला."

सोनाली म्हणजे मुक्ताची फ्लॅटमधली मैत्रीण. लातूरकडची, शेतकऱ्याघरची. गेमशी तिचा काडीचा संबंध नाही. मुक्ताने तिला सांगितलं, "लॅपटॉपवर घोडा दिसेल, तो बंद कर." अर्धा तास झाला तरी बापटांचं कपाट बंदच. मुक्ताने पुन्हा फोन केला.

सोनाली म्हणाली, "अगं, गवत खायलाय तो. खाऊन तरी होऊ दे की!"

खेळातला घोडा तो. कुणी बसेपर्यंत खातच राहतो.

माझ्या ग्रंथालयात उशिराला दंड असतो. मुक्ताने शनिवारी पावशेर बाकरवडी आणून भरला. बापटांनी त्यातले चार तुकडे बशीत वेगळे काढले. "हे घोड्याला."

*

शिरीषचा स्वतःचा लाडका गेम म्हणजे ट्रक चालवणं. युरोपातल्या रस्त्यांवर माल पोचवायचा, बस्स. ज्या माणसाने आयुष्यात स्कूटरशिवाय काही चालवलं नाही, तो संध्याकाळी जर्मनीतून पोलंडला दह्याचे डबे नेत असे. नकाशा मी वाचायचे. पुस्तकातून मान वर करून "पुढे डावीकडे" म्हणायचं, एवढं माझं काम.

तिथेही तो प्रत्येक लाल सिग्नलला थांबायचा. बापटांचा जीव वर-खाली व्हायचा. "अरे, मागेपुढे चिटपाखरू नाही! चल की!"

"म्हणून तर थांबतोय," शिरीष म्हणायचा. "मागे कुणी असतं तर हॉर्न वाजवून ढकललं असतं. सिग्नलला निवांत थांबायला मिळावं म्हणून तर मी एवढ्या लांब येतो."

तिकडे रस्त्याच्या उजव्या बाजूने चालवतात. त्या सवयीने एका सकाळी शिरीषने स्कूटरसुद्धा उजवीकडून घातली. चौकातल्या पोलिसाने अडवलं.

"काका, कुठून येताय?"

"जर्मनीतून," हा प्रामाणिकपणे म्हणाला.

पोलिसाने त्याला नीट न्याहाळलं. "मग इकडे पोचलात ना? आता आमच्या बाजूने चालवा."

त्या रस्त्यावर उलट्या बाजूने जाणारा तो काही एकटा नव्हता. ओशाळलेला मात्र एकटाच होता.

*

मुक्ताने प्रणवला पहिल्यांदा घरी आणलं तेव्हाची गोष्ट. मुलगा अमरावतीचा, तिच्याच ऑफिसातला. मी पोहे केले होते, प्रश्नही तयार ठेवले होते. शिरीषने मात्र त्याला पाणीसुद्धा विचारलं नाही. हातात कंट्रोलर दिला आणि म्हणाला, "बस."

तो दोघांनी मिळून हॉटेल चालवण्याचा गेम होता. ऑर्डरी येत राहतात, एकाने चिरायचं, एकाने शिजवायचं, भांडीही आपणच घासायची. आत मुक्ता नखं खात होती. बाहेरून आवाज येत होते.

"अहो काका, भात जळून राहिला!"

"दिसतंय मला!"

"तुम्ही भात पाहा, मी भांडे घासतो!"

अर्ध्या तासाने शिरीष स्वयंपाकघरात आला. पेपर तपासून आल्यासारखा चेहरा.

"मुलगा चांगला आहे. न सांगता भांडी घासतो."

"बाबा, ते गेममध्ये!"

"तू तर गेममध्येही घासत नाहीस!"

दिवाळीनंतर साखरपुडा झाला. आहेरात शिरीषने जावयाला दुसरा कंट्रोलर दिला.

*

मागच्या वर्षी शिरीष गेला. त्याबद्दल इथे लिहिणार नाही.

ग्रुपवर बरेच दिवस कुणी काही लिहिलं नाही. मग एका संध्याकाळी बापटांचा शब्द आला, "घेतला."

सुहासने खाली बदामाचं चिन्ह टाकलं. बापटांनी लगेच लिहिलं, "नियम तीन."

मी स्वयंपाकघरात उभी होते. कितीतरी दिवसांनी हसू आलं. आणि तेव्हापासून पुन्हा सुरू झालं, घेतला, ठेवला, घेतला, ठेवला. कपाटाचा मालक नव्हता, पण कपाट उघडं होतं.

फक्त ती पाच मिनिटांची पाटी आता कुणालाच येत नव्हती. सुहास एकदा जेवायला आला होता. भात कालवता कालवता म्हणाला, "वहिनी, खेळायला मजा येत नाही हो. कुणी उठवतच नाही."

*

आणि आता हा अलीकडचा किस्सा.

बापटांचा 'घेतला' येईनासा झाला. सुहासचा यायचा, मुक्ताचा यायचा, बापटांचा नाही. ते गल्लीत भेटले तेव्हा मी विचारलं.

"डोळ्यांना त्रास होतो, वहिनी," ते म्हणाले आणि खांबावरची मंगल कार्यालयाची जाहिरात तळापर्यंत वाचून दाखवली. "बघा, आता केटरिंगसुद्धा बारीक अक्षरात छापतात!"

मी मुक्ताला फोन केला. तिने आढेवेढे घेत सांगितलं. काकांचा जुना कॉम्प्युटर बंद पडला. नवा घेतला, पण नव्या कॉम्प्युटरला कपाटाची परवानगी द्यावी लागते, आणि ती फक्त बाबांच्या कॉम्प्युटरवरून देता येते.

"मग बोलले का नाहीत?"

"तुला तिथे बसावं लागेल ना, आई. काकांनी शपथ घातलीय, तुला सांगायचं नाही म्हणून. मी येऊ का रविवारी?"

त्या कॉम्प्युटरवर मीच एक जुनी ओढणी टाकून ठेवली होती. त्या खोलीत झाडायला जायचे, पण ओढणी उचलत नव्हते. शिरीषच्या खुर्चीत तर कुणीच बसलं नव्हतं. दुसरीकडे, समोरच्या इमारतीत बापट रोज संध्याकाळी नव्याकोऱ्या कॉम्प्युटरसमोर पत्ते लावत बसले असणार. चाळीस वर्षांच्या मैत्रीतलं त्यांच्याकडे उरलेलं तेवढं एक कपाट, आणि तेही बंद.

"तू नको येऊस," मी म्हटलं. "फोनवर सांग, मी करते."

रविवारी दुपारी, पेठेत सगळी दारं लागलेली असतात त्या वेळी, मी ओढणी काढली. बसले ती शेजारच्या, माझ्या नेहमीच्या खुर्चीत. तिथून हात पुरेना. मग उठून त्याच्या खुर्चीत बसले. मुक्ता फोनवर एकेक पायरी सांगत होती आणि मध्येच नाक ओढत होती. मी म्हटलं, "सर्दी झालीय का?" ती म्हणाली, "हो." शेवटचं बटण दाबलं. परवानगी दिली गेली.

"काकांना कळवते," म्हणून तिने फोन ठेवला.

मी उठणार, इतक्यात माझा मोबाइल वाजला. ग्रुपवर बापट होते. "घेतला."

एकच शब्द. समोरच्या इमारतीत राक्षसाशी लढाई सुरू झाली असणार.

पडद्यावर शिरीषचे गेम्स रांगेने लागले होते. पहिलाच ट्रकचा. मी तो उघडला. ट्रक एका पेट्रोल पंपाशी, रस्त्याच्या कडेला उभा होता. मागे माल तसाच होता, दही, अर्ध्या वाटेवर. चावी कुठल्या बटणाने फिरते ते मला बघून बघून माहीत होतं.

इंजिन सुरू झालं. ट्रक हळूहळू रस्त्यावर आला आणि थोडं पुढे जाऊन लाल सिग्नल लागला. मी थांबले. मागे कुणी नव्हतं.

मोबाइल वाजला.

"शिऱ्या, पाच मिनिटं थांब! मरतच आलाय तो! कायम तुझं आत्ताच असतं!"

मी ते वाचलं. बापटांनीही ते पाठवल्यावर वाचलं असणार. सिग्नल एकदा हिरवा होऊन पुन्हा लाल झाला. कुणी हॉर्न वाजवला नाही.

मग आलं, "ठेवला."

मी आयुष्यात पहिल्यांदा लिहिलं, "घेतला."

आणि नियम तीन मोडून बापटांचं उत्तर आलं.

"वहिनी, तिकडे उजवीकडून चालवतात."