उलटे हात

आमच्याकडे पट बघत नाहीत, हाताखालून जाऊ देतात. दालनात लांब मेजाच्या दोन्ही बाजूंना माणसं बसतात, तळवे चोळून जागे करतात आणि वर अंथरलेल्या जाड चादरीखाली हात घालतात. टोकाच्या दोघीजणी रूळ फिरवू लागल्या की कातडं, लोकर, वाळू, शिंपल्यांचा चुरा शिवलेली लांबलचक पट्टी तळव्यांखालून सरकत जाते. तिच्यात कुणाचं घर असतं, कुणाचा प्रवास, कुणाचं भांडण. डोळ्यांना तिथे काही काम नाही. पट शिवणाऱ्या बायकाही झाकणाखाली हात घालूनच शिवतात. डोकावणं म्हणजे लबाडी.

माझी मावशी अशी पट शिवणारी. कार्यशाळेत तिला 'चिमटी' म्हणत, कारण लोकर चिमटीत धरून ती मेंढीचं वय सांगायची. आई गेल्यावर तिनेच मला वाढवलं, त्यामुळे ही चिमटी माझ्या कानांच्याही चांगल्या ओळखीची.

पण सुईने हळूहळू तिच्या बोटांवर घट्टे चढवले. घरातही न बघता वावरणारी ही बाई, एके सकाळी फळीवरच्या डब्यात हात घालून तिने माझ्या दुधात साखरेऐवजी मीठ टाकलं. मी गुपचूप प्यायले. तिने माझ्या तोंडाकडे बघितलं आणि ओळखलं.

घट्टे पडलेल्यांना तळमजल्यावर लोकर पिंजायला पाठवतात. पगार तोच, मानही तोच. फक्त हाताखाली पट नसतो. पट निवडणाऱ्या पारखीबाईंनी मावशीला बोलावून सांगितलं, "शेवटचा एक कर. दालनात लागला तर वरच राहा, नाहीतर खाली जा. वाईट वाटून घेऊ नकोस."

"ते मी माझं बघते. तुम्ही सूत द्या."

तिने मागितलं ते ऊबसूत. शिवणाऱ्याच्या हाताची ऊब ते वर्षानुवर्षं धरून ठेवतं, पण इतकी थोडी, की कुणी त्याच्या वाटेला जात नाही. थंडीभर मावशी त्यावर वाकलेली होती. शेजारच्या चौकटीवरची चामडेवाली, तिची जुनी मैत्रीण, सारखी टोकायची.

"काय गं चिमटे, शिवतेस की डुलक्या काढतेस? झाकण हलतसुद्धा नाही."

"तुझ्यासारखी उशी बडवत नाही मी."

निवडीच्या दिवशी मी मावशीच्या मागे उभी होते. पारखीबाई आणि शिवणाऱ्या सगळ्याजणी मेजाला बसल्या, तळवे चोळले, हात आत गेले, रूळ फिरले. अर्धा पट सरकला तरी कुणाच्या चेहऱ्यावर काही उमटलं नाही. पारखीबाईंनी मान हलवली.

"सपाट आहे गं. नुसतं कापड."

"असं कसं होईल?" मावशी पुढे झाली, रिकाम्या खुर्चीवर बसली आणि तिने चादरीखाली हात घातले. "आहे की! हे काय, इथे चढतंय!"

बायका एकमेकींकडे बघायला लागल्या. मला तिच्या खांद्यावर हात ठेवावासा वाटला, पण ठेवला असता तर ती हरली हे मीच कबूल केल्यासारखं झालं असतं, असं काहीतरी वाटून थांबले. चामडेवालीला मात्र राहवलं नाही. तिने सरळ चादर उचलून आत बघितलं.

"अगं बाई! तू हात उलटे घातलेस!"

मावशीने खाली बघितलं. तिचे दोन्ही हात खरंच उलटे होते, तळवे वर, पाठ पटाला टेकलेली. बोटं रुसल्यावर हातांनी आपली सोय आपणच करून घेतली होती. झाकणाखाली ते कुणाला दिसणार? अख्खा पट तिने हाताच्या पाठीने जोखून शिवला होता.

"म्हणजे चुकलंच," कुणीतरी हळूच म्हणालं.

मावशी उठली नाही. चादर तिने स्वतःच नीट केली. "तळवे चोळून गरम केलेत, त्यांना एवढीशी ऊब काय कळणार आहे? तुम्हीही उलटे घाला. रूळ मागे घ्या."

पारखीबाईंनी हात बाहेर काढले, क्षणभर त्या हातांकडे बघितलं आणि उलटे करून आत घातले. मग मीही बसले.

आधी गार, गुळगुळीत असं काहीतरी आलं. मग त्यातून ऊब वर आली, सावकाश, नको असलेल्या बातमीसारखी. मला ते कपाळ लगेच ओळखू आलं. माझंच होतं. लहानपणी मला ताप आला की मावशी अशीच हाताची पाठ टेकवायची, काढायची, पुन्हा टेकवायची. पट हातभर सरकला की ऊब वाढत होती.

"किती चढलाय गं?" पारखीबाई कुजबुजल्या. डोळे त्यांनी मिटले होते.

"उतरेल," मावशी म्हणाली. "थोडं थांबा."

शेवटी, ताप उतरताना केसांच्या कडेला येतो तसा ओलसर गारवा आला. चामडेवालीने जोरात नाक ओढलं. "मेली, आधी सांगायचंस तरी," ती म्हणाली.

आता तो पट दालनात आहे. मावशी वरच्या मजल्यावर, खिडकीजवळच्या तिच्या चौकटीवर. दालनात तिच्या पटाची पाळी आली की रूळवाली पुकारते, "हात उलटे!" आणि अनोळखी माणसं निमूटपणे हात उलटे करतात. मी रांगेत असले की सगळ्यांच्या आधी करते, जरा दिमाखातच.