काळूचा आवाज

काळूच्या तोंडाचा पट्टा अख्ख्या वाडीला ठाऊक. रोह्याच्या आदिवासीवाडीतला हा गडी कुदळ चालवताना गप्प बसलाय, असं कधी झालंच नाही. बैलाशी बोलेल, बांधाशी बोलेल, कोणी नसलं तर कुदळीलाच शिव्या घालेल. त्याची बायको आवडी पार वैतागायची.

चार वर्षांपूर्वी काळू काविळीनं गेला, तेव्हा शीतल पोटात होती. आता पोर विचारायची, बा कसा बोलायचा? आवडी नक्कल करायला जायची आणि जमायचं नाही. साध्या मोबाइलात ना फोटो, ना आवाज. मेल्याची एवढी बडबड ऐकली, आणि ऐन वेळी कानात काही उरलं नाही!

एकच आशा होती. त्याच वर्षी उन्हाळ्यात दोघं गागोद्याकडे बांध घालायच्या कामावर होती. तिथं पेणचा सुजय कॅमेरा घेऊन आला. मजुरावरची जुनी कविता, शाळेच्या पुस्तकातली. तिचा सिनेमा करायचा होता म्हणे. तीन दिवस त्यानं काळूला खणायला लावलं. काळू तिन्ही दिवस बोलतच होता.

आता कुठं तो सिनेमा पुरा झाला. पेणला दाखवणार, असा निरोप आला. आवडीनं कामाला दांडी मारली, पोरीला नवा फ्रॉक घातला आणि एसटी धरली. आज बा बोलंल हां, असं वाटभर सांगत होती.

पडद्यावर काळू आला. घामाघूम. तोंड हलतंय, आवाज नाही. मशीन बिघडलं असेल, म्हणून ती थांबली. मग पडद्यावर अक्षरं आली. तिला कुठं वाचता येतंय! शेजारच्या बाईनं वाचून सांगितलं, मजूर म्हणतोय, घाम गाळण्यातच माझं सुख आहे. आवडीचं डोकंच फिरलं. कॅमेरा चालू होता तेव्हा ती तिथंच माती उचलत होती.

खेळ संपल्यावर तिनं सुजयला गाठलं. आवाज एकदा ऐकवा, पोरीसाठी. सुजय ओशाळला. आवाज घेतलाच नव्हता, म्हणाला. कवितेतला मजूर मुका आहे, ताई.

"मुका नव्हता तो," आवडी म्हणाली. "तुमच्याकडं पानी मागत व्हता. तीनदा."

शीतलनं तिचा पदर ओढला. "मंग दिलं का गो बाला पानी?"

"मला नको इचारू. यांना इचार."