वीतभर माती

चाळणीकाका माणसाच्या तोंडाकडे नंतर बघत, आधी पायांकडे. खो-खो खेळायचं म्हणून कोणी नवीन मुलगा मैदानावर आला, की त्याला नाव-गाव-इयत्ता काही विचारणं नाही. चपला काढायला लावत, ओल्या मातीवरून चार पावलं चालवत, आणि मग कमरेत वाकून उमटलेले पाय वाचत. टाच किती रुतली, बोटं किती फाकली, मधली कमान कशी आहे. मग निकाल. "हा खांबाजवळ वळेल." नाहीतर, "हा सरळ पळेल, वळायला सांगू नका." माझं चौथीनंतर शाळेशी जमलं नाही. माझे पाय बघून ते म्हणाले, "बाप्या, तुझी टाच हट्टी आहे. तू एकदा बसलास तर तुला उठवणं कठीण." एवढ्या नेमकेपणानं मला पुढे फक्त माझ्या बायकोनं ओळखलं.

ज्याचा पाय सपाट उमटे, कमानच नाही, त्याला ते परत पाठवत नसत. त्याला शेजारी बसवून चाळणी हातात देत आणि दोन दिवसांत त्याला खेळातलं एवढं सांगत, की आम्ही पळणाऱ्यांनी मागे राहावं. मला वाटे, काकांना दया येते.

काका रेल्वेच्या पार्सल ऑफिसात होते. खरं नाव मंडळाच्या पाटीवर होतं, पण ते कोणी उच्चारलेलं मी ऐकलं नाही. त्यांनी आणि रेल्वेतल्याच चार मित्रांनी मंडळ काढलं तेव्हा उज्जैनात खो-खो म्हणजे मराठी घरांतला खेळ. फ्रीगंजच्या मागे एका सेठजींची पडीक जागा होती. सेठजी म्हणाले, खेळा. काका म्हणाले, "तुम्ही मागाल त्या दिवशी परत." झालं. कागद नाही, सही नाही.

जागा मिळाली, पण माती मिळाली नव्हती. माळव्याची काळी माती गव्हाला सोनं, खो-खोला वैरी. पावसात ती पायाला लोळागोळा होऊन चिकटते, उन्हात अशी फाटते की भेगेत पंजा जावा. काकांनी ती वीतभर खोदून काढली. वीटभट्टीकडची पिवळी माती आणली, क्षिप्रेची वाळू आणली, आणि लोखंडी चाळणीतून सगळं चाळून तिथे भरलं. तेव्हापासून नियम झाला: नव्यानं आधी महिनाभर माती चाळायची, मग खेळायचं. उशिरा आला, दहा टोपल्या चाळायच्या. शिवी दिली, वीस. मी माझ्या जिभेपायी किती चाळली असेल ते महाकाल जाणे.

स्वतः काका मात्र रेषेच्या बाहेर, निंबाखाली, चाळणीपाशी. पायात रेल्वेचे काळे बूट, ऊन असो की चिखल. आम्ही अनवाणी, ते बुटात. बूट घालून मैदानात यायचं नाही हा त्यांचाच नियम, आणि तो पाळायला म्हणून ते कधी आत आले नाहीत. एकदा मी तोंड वर करून विचारलं, काका, तुम्ही कोणत्या जागी खेळायचात? ते म्हणाले, "चाळणीच्या." आणि दहा टोपल्या लावल्या.

भैरवगढचा रफीक आमच्यात आला तेव्हा मंडळात खळबळ झाली. त्याच्या घरी कापडावर ठप्प्यांची छपाई. त्याचे पंजे कायमचे लाल-निळे. तो पाठीमागून हात लावून 'खो' म्हणाला, की बनियनवर पाच बोटं उमटत. आयांची ओरड सुरू झाली की डाग निघत नाहीत. काकांना मात्र ते फार आवडे. म्हणत, खो मिळाला का नाही, यावर आता पंचांशी वाद नाही, पाठ दाखवायची. पण एका जुन्या घराण्यातल्या गृहस्थांनी बैठकीत आयांच्या आडून खरी गोष्ट काढली. हे मराठी लोकांचं मंडळ आहे, बाहेरची मुलं कशाला. काका खिशातून मूठभर माती काढून त्यांच्यापुढे टेबलावर ठेवत म्हणाले, "हिच्याशी मराठीत बोला. ओ दिली तर रफीकला काढतो." खिशात माती ते कायम ठेवत. काकू धुताना वैतागत.

मग ते दिवस आले, जेव्हा घराघरात केबल आली आणि टावर चौकातल्या दुकानांच्या काचेत रंगीत टीव्ही लागले. क्रिकेटची मॅच असली की आमचं मैदान ओस. काका रागावले नाहीत. एका दुपारी मला घेऊन ते टावर चौकात गेले. आमची चार मुलं काचेला नाक लावून उभी होती. काका गुपचूप मागे गेले आणि एकाच्या पाठीवर थाप मारून मोठ्यानं म्हणाले, "खो." तो पोरगा जो उठला, म्हणजे उभाच होता, तो पोह्यांच्या ठेल्याला वळसा घालून चौक पार करून गेला. पलीकडे गेल्यावर त्याला कळलं की आपण पळतोय. ठेलेवाला म्हणाला, "बाबूजी, ये क्या जादू है?" काका म्हणाले, "आदत है, भिया." ती चारही मुलं दुसऱ्या दिवशी आली.

त्याच सुमारास मी कामाला होतो ती गिरणी बंद पडली. मी घरात तोंड फिरवून पडून असे. काका आले, गिरणीचं नाव काढलं नाही. म्हणाले, उद्यापासून सकाळी मैदान तू बघ, माझे गुडघे दुखतात. त्यांचे गुडघे माझ्यापेक्षा ठणठणीत होते. मला ते ठाऊक होतं आणि मला ठाऊक आहे हे त्यांना ठाऊक होतं. मी गेलो. नसतो गेलो तर आज हे लिहायला उरलो नसतो, एवढंच सांगतो.

आणि मग जुने सेठजी वारले. त्यांचा मुलगा भला माणूस, पण जमाना बदललेला. फ्रीगंजच्या आसपास वीत-वीत जागेला भाव आलेला. त्यानं काकांना नमस्कार करून सांगितलं, इथे मॅरेज गार्डन करायचं आहे. काका म्हणाले, पंधरा दिवसांत मोकळं करून देतो.

माझं डोकं फिरलं. मी वकिलाला भेटून आलो. वकील म्हणाला, इतकी वर्षं बसला आहात, हलू नका, कबजा तुमचा. मी काकांना म्हणालो, मी दोन खांबांमधल्या पाटीवर आडवा पडतो, बघू कोण उठवतं. माझी टाच हट्टी, तुम्हीच म्हणाला होता. ते चाळत राहिले. मग म्हणाले, "बाप्या, खो मिळाला की काय करायचं?"

उत्तर त्यांनीच दिलं.

"उठायचं. जागा देणाऱ्याची. कबजा करायचा असता तर दुसरा खेळ शिकवला असता तुला."

मी चिडून म्हणालो, मग मंडळ संपलं म्हणा. ते म्हणाले, "जागा सेठजींची. माती आपली."

मी आठ दिवस त्यांच्याशी बोललो नाही. नवव्या दिवशी रफीक आला. भैरवगढला नदीकाठी त्यांचं कापड वाळवायचं पटांगण होतं, दुपारनंतर रिकामं. त्याच्या वडिलांनी ते देऊ केलं होतं. ज्याला मंडळातून काढणार होते, त्याच्या घरून जागा आली. मग मी मुकाट्यानं टोपली उचलली. रविवारी मंडळाचे जुने-नवे सगळे जमले. बँकेतले, शाळेतले, बंद गिरणीतले. सायकलींना पोती, स्कूटरवर पिशव्या, रफीकच्या काकाचा टेम्पो. बैठकीतले ते जुन्या घराण्याचे गृहस्थही धोतर खोचून आले. वीतभर माती आम्ही फ्रीगंजहून भैरवगढला नेली, खांबांसकट. लोक विचारत, माती कुठे नेताय? आम्ही म्हणायचो, मैदान नेतोय.

दोन वर्षांनी नव्या सेठजींच्या मुलीचं लग्न त्याच मॅरेज गार्डनमध्ये निघालं. काकांना घरी येऊन आमंत्रण. मी जाणार नव्हतो, काकांनी नेलं. आदल्या दिवशी मावठा, हिवाळ्यातला अवेळी पाऊस, झाला होता. जाऊन बघतो तर हिरवळीच्या मधोमध पाण्याचं तळं. आणि तळं कसं, तर चार कोपऱ्यांचं, आखून काढल्यासारखं, दोन टोकांना दोन खोल खड्डे. मांडववाले विटा टाकून थकले होते. सेठजी म्हणाले, काका, समझ में नहीं आता, पानी यहीं क्यों रुकता है. मला हसू आवरेना. आमचं मैदान तिथून हललंच नव्हतं.

काका हसले नाहीत. कडेला बसून त्यांनी ते काळे बूट सोडले, मोजे काढले आणि धोतर वर धरून पाण्यात उतरले. या खड्ड्यापासून त्या खड्ड्यापर्यंत चालत गेले, सावकाश. रेषेच्या आत त्यांना मी पहिल्यांदा बघत होतो. पलीकडे चिखलात निघाले तेव्हा त्यांची पावलं उमटली. मी वाकून वाचली, सवयीनं. आख्खा पंजा. कमान नाहीच. सपाट, चपातीसारखा.

त्यांनी मला वाचताना पाहिलं.

"म्हणून चाळणी," ते म्हणाले.

मग सेठजींकडे वळून त्यांनी हात जोडले. "चूक आमची आहे. माती नेली, खड्डा भरून द्यायचं राहिलं." पुढच्या रविवारी आम्ही टेम्पोनं माती घेऊन परत गेलो. मी म्हणालो, लग्नाच्या बागेला कशाला चाळायची, तशीच टाकू. त्यांनी माझ्याकडे बघितलं. मी चाळायला बसलो. त्या मातीनंतर त्यांच्या हातात चाळणी फार दिवस राहिली नाही. पावसाळ्याआधीच गेले.

चाळणी आता माझ्याकडे आहे. भैरवगढला मुलं खेळतात, मी निंब नाही म्हणून भिंतीच्या सावलीत बसतो. आणि फ्रीगंजच्या त्या बागेत मधल्या तुकड्यावर हिरवळ अशी येते, की लोक तिथेच उभं राहून फोटो काढतात. माळी चांगला आहे म्हणतात. मी पुढची टोपली चाळायला घेतो.