पत्र्याची चिलखतं आणि पालथे पैलवान

किस्से कुणी मुद्दाम जमवत नाही. माझ्या दुकानाच्या कोपऱ्यात पत्र्याचं कातरण पडत राहतं, तसे ते पडत राहतात. आज उचलू, उद्या उचलू म्हणता म्हणता ढीग होतो, आणि एखाद्या दिवशी त्यात हात घातला की बोट कापतं. आमच्या पिक्चरच्या टोळीचे किस्से लोक चहा पिताना हसत ऐकतात. मीही हसत सांगतो. पण खरं सांगू का, हल्ली सांगून झालं की जीव नकोसा होतो.

नगरच्या एमआयडीसीजवळ माझं पत्र्याचं काम आहे. धान्याच्या कोठ्या, कूलर, पेट्या. काही वर्षांपूर्वी मुंबईची एक पिक्चर कंपनी पाथर्डी रस्त्याला माळरानावर आली आणि तिनं तिथं प्लायवूडचं गोल मैदान उभं केलं, भोवती बसायला पायऱ्या. गोष्ट कुठल्याशा नसलेल्या राज्यातली. राजा वर बसतो, खाली चिलखत घातलेले गुलाम एकमेकांशी मरेपर्यंत लढतात, शेवटी उरेल तो सुटतो. असले पिक्चर मोबाईलवर लई चालतात म्हणे. पहिला चालला म्हणून दुसरा काढला, मग तिसरा. तिन्हींची चिलखतं माझी, आणि लढणारे आमच्याच भागातल्या तालमींचे पैलवान.

*

पहिलं चिलखत मी फोटो बघून केलं. छातीचा पत्रा, पाठीचा पत्रा, मध्ये रिबिटं. डायरेक्टर साहेबांनी ते फिरवून फिरवून पाहिलं आणि पाठीवर बोट ठेवलं.

"मिस्त्री, हे काय आहे?"

मी पाहिलं आणि मला घाम फुटला. पाठीवर कडी बसवलेली होती. वीस वर्षं कोठ्या करतोय, पत्रा गोल वळला की हात आपोआप कडी लावतो. लावली कधी तेसुद्धा आठवेना.

"उचलायला," मी म्हणालो. दुसरं काय सांगणार?

साहेबांनी कडीत बोट घालून चिलखत उचलून पाहिलं. मग म्हणाले, "ब्रिलियंट. मेलेल्या गुलामाला याच कडीला धरून ओढत न्यायचं. सगळ्यांना लावा."

झालं, चाळीस चिलखतांना चाळीस कड्या. ते ओढत नेणं पिक्चरमध्ये बघून लोकांच्या अंगावर काटा येतो म्हणतात. घरच्यांबरोबर बघताना मी मात्र मान खाली घालून बसलो होतो. माझ्या हाताच्या सवयीमुळे माणसं कोठ्यांसारखी ओढली जात होती.

*

शूटिंग मे महिन्यात. वरून ऊन, आत पत्रा. आमच्यातला सगळ्यात बोलका पैलवान म्हणजे बाळू, शंभर किलोचा गडी. दुपारी एकच्या सुमाराला मैदानाच्या मधोमध तो माझ्याकडं वळला आणि म्हणाला, "मिस्त्री, चिलखत मागितलं होतं हो. तुम्ही कुकर दिला."

एवढं बोलला आणि गुडघे दुमडून तोंडावर पडला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. कॅमेरा चालू होता. बाळू उठेना तेव्हा कुठं आम्ही धावलो, पत्रा सोडवला, अंगावर पाणी मारलं. आतून वाफ आली, खोटं नाही सांगत.

तो शॉट पिक्चरमध्ये आहे. इतका छान कुणीच मेला नाही, असं साहेब अजून म्हणतात. बाळूला मात्र तेव्हापासून ऊन सोसत नाही. तालीम सुटली, आता बसून असतो.

*

मोठ्या लढाईचा सीन होता. वीस गुलाम मरायचे, मग राजा उठून मैदानावर नजर फिरवणार. शॉट झाला. साहेब पडद्यावर बघतात तर वीसच्या वीस मुडदे पालथे. एकाचंही तोंड वर नाही.

"सगळे असे काय पडलेत? काहीजण उताणे पडा."

पुन्हा घेतला. तलवार लागली की गडी पाठीवर जायला लागायचा, आणि जमिनीपासून वीतभर असताना कंबर झटकून पालथा व्हायचा. वीसही जण. चार वेळा घेतला, चारही वेळा तेच.

साहेबांचा आवाज चढला. तेव्हा दत्ता पुढं आला. दत्ता म्हणजे आमचा सगळ्यात तयार पैलवान, बोलायला कमी. म्हणाला, "साहेब, आमी मुद्दाम न्हाई करत. पाठ लागली की कुस्ती गेली. लहानपणापासून अंगाला तेच शिकवलंय. मेल्यावर तरी कशाला पाठ लावायची?"

साहेबांनी डोक्याला हात लावला. शेवटी ते वीसही जण पालथेच मेले. दत्ताची पाठ तर तोवर कुठल्याही मैदानात लागलेली नव्हती. त्याचे वडील म्हणजे अण्णा, गावच्या तालमीचे वस्ताद. त्यांनीच त्याला मातीत उभं केलं होतं.

*

पहिला पिक्चर आला तेव्हा दत्ताच्या गावात देवळासमोर पडदा लावला. सगळा गाव जमला. अण्णा पुढं खुर्ची टाकून बसले, डोक्याला पटका बांधून. एका डोळ्याची नजर तेव्हाच गेलेली होती. काचबिंदू. दुसराही त्याच वाटेवर आहे, गेलेली नजर परत येत नाही, थेंब टाकून जेवढे दिवस ढकलता येतील तेवढे ढकलायचे, असं नगरच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं.

पिक्चर सुरू झाला. लढणाऱ्या सगळ्यांच्या डोक्यावर माझे टोप, तोंड पूर्ण झाकणारे, डोळ्यांपुरती फट.

"यातला आपला कोन्ता?" अण्णांनी विचारलं.

"तो, डावीकडून तिसरा," दत्ता म्हणाला.

"ते डबडं?"

गाव हसला. अण्णा हसले नाहीत. पिक्चर संपल्यावर काठी टेकत उठले आणि दत्ताला म्हणाले, "डोळा हाय तवर एकदा तुजं तोंड दाव त्याच्यात. पडद्याएवढं मोठं. मग गेला तरी चालंल."

म्हातारा दुसरं काही मागत नव्हता. त्या दिवसापासून दत्ताला झोप लागेनाशी झाली.

*

दुसऱ्या पिक्चरला आम्ही शक्कल लढवली. तोंड दाखवायला साहेब तयार नव्हते, तोंड फक्त हिरोचं दिसणार. म्हणून मी दत्ताच्या टोपाला कानाजवळ मोठं भोक पाडलं. पैलवानाचा कान मोडलेला असतो, गड्डा झालेला. अण्णा तेवढ्यावरून ओळखतील असं आम्हाला वाटलं.

कान दिसला. एकदाच, पण चांगला दिसला. दत्तानं तो भाग मोबाईलवर थांबवून अण्णांच्या चांगल्या डोळ्यापुढं धरला. अण्णांनी मोबाईल नाकाला लागेपर्यंत जवळ घेतला. लई वेळ बघितलं.

"कान तर बाळूचाबी असाच हाय," ते म्हणाले. "आमच्या तालमीत सगळ्यांचे असेच मोडलेत. तोंड न्हाई का?"

दत्तानं मोबाईल खिशात घातला आणि गोठ्याकडं निघून गेला. मी अण्णांपाशी बसून राहिलो.

*

तिसऱ्या पिक्चरला पायऱ्यांवर बसायला माणसं हवी होती. शेजारच्या वस्तीवरच्या बाया-माणसं आणली. ऊसतोडीवरून नुकतीच परतलेली. त्यांना सांगितलं, गुलाम पडला की ओरडायचं, "मार! मार!"

गुलाम पडला. कुणी ओरडेना. साहेबांनी भोंग्यावरून सांगितलं, कुणी ओरडेना. तेवढ्यात एक म्हातारी पायऱ्या उतरून तांब्या घेऊन थेट मैदानात आली आणि पडलेल्या गड्याच्या टोपाच्या फटीतून पाणी घालायला लागली.

"ओ आजी, कट! कट! तो मेलाय!"

"मेल्यावर कुनी असा धापा टाकतं का?" म्हातारी म्हणाली. "त्याला तहान लागलीय. तुमाला दिसत न्हाई का?"

तिला बाहेर काढलं. "मार"चा आवाज नंतर मुंबईत भरला. वस्तीवरची माणसं पिक्चरमध्ये दिसतात, पण ओरडणारा आवाज त्यांचा नाही.

*

त्याच पिक्चरमध्ये एक सीन निघाला. गुलामांचा म्होरक्या मरतो. डोक्यावरचा टोप उडतो, तो उताणा पडतो, आणि कॅमेरा वरून त्याच्या तोंडावर येऊन थांबतो. पडदाभर तोंड.

दत्ता साहेबांसमोर जाऊन उभा राहिला. "मला द्या," म्हणाला.

"पण पाठीवर पडावं लागेल."

"पडतो."

मी त्याला बाजूला घेतलं. "अरे, अण्णांना काय वाटेल?"

"अण्णांना तोंड दिसलं पायजे, मिस्त्री. पाठीचं मी बघून घेतो."

पण अंग ऐकेना. नऊ वेळा पडला, नऊ वेळा शेवटच्या क्षणी पालथा झाला. साहेब म्हणाले, जेवणानंतर दुसऱ्याला घेतो. दत्ता चिलखत घेऊन माझ्याकडं आला. डोळे लाल.

"याला मागून असं कायतरी लावा, की मला पलटी मारताच येणार न्हाई."

जेवणाच्या सुट्टीत मी पाठीच्या पत्र्याला दोन्ही बाजूंनी वीतभर बाहेर येतील असे लोखंडी अँगल वेल्ड केले. वरून सुनंदाताईंनी रेक्झीन शिवून ते झाकले. आमचे सगळे पट्टे त्याच शिवतात. शिवताना एवढंच म्हणाल्या, "मिस्त्री, हे काही बरं नाही करत आपण."

शॉट झाला. दत्ता पाठीवर पडला आणि खिळला. मी कॅमेऱ्यामागून बघत होतो. त्यानं खांदा उचलला, मान वळवली, कंबर झटकली. अँगलनं सोडलं नाही. मग तो थांबला, आणि उघड्या डोळ्यांतून पाणी कानाकडं वाहायला लागलं. साहेब उभे राहून टाळ्या वाजवत होते, काय ॲक्टिंग, काय ॲक्टिंग. उठवायला चौघं लागले. त्या दिवशी दत्ता जेवला नाही आणि मीही डबा उघडला नाही. मी आयुष्यात पुष्कळ वाकडंतिकडं काम केलंय, पण ते अँगल मला अजून आठवतात.

*

दिवाळीत अण्णांच्या दुसऱ्या डोळ्यापुढचा उजेडही गेला. पिक्चर आला संक्रांतीनंतर.

दत्ता तो लावायलाच तयार नव्हता. अण्णांनी मला निरोप धाडून बोलावून घेतलं. दुपारची वेळ, घरापुढं लिंबाखाली बाज टाकलेली. अण्णा बाजेवर, शेजारी दत्ता, समोर मी मोबाईल धरून.

"लाव," अण्णा म्हणाले. "मिस्त्री सांगतील, मी ऐकतो."

मी सांगत गेलो. दत्ता मैदानात आला. समोर दोघं आहेत. एकाला पाडलं. आता दुसऱ्याची तलवार टोपावर बसली. टोप उडाला.

"तोंड दिसतंय, अण्णा. पूर्ण पडदाभर दिसतंय."

"कसं हाय?"

"घामानं भिजलंय. केस कपाळावर आलेत. तुमच्यासारखंच आहे."

अण्णांनी मान हलवली. तेवढ्यात मोबाईलमधून धप्पकन आवाज आला. पन्नास वर्षं तालमीच्या मातीत काढलेला माणूस, गडी कसा पडला हे त्यांना आवाजावरून कळतं. खोटं सांगायचं मनात आलं होतं, तोंडातून निघालं नाही.

"पाठ लागली?" अण्णांनी विचारलं.

"व्हय, अण्णा," दत्ता म्हणाला.

मी मोबाईल बंद केला. अण्णांनी हात लांब करून दत्ताचा खांदा शोधला, त्याला पाठमोरं बसवलं, आणि मानेपासून कमरेपर्यंत तळहातानं त्याच्या पाठीवरची माती झटकत राहिले. दत्तानं त्या दिवशी धुतलेला पांढरा शर्ट घातला होता.