तीन हे अधिक पाच

औशातलं आमचं घर, बऱ्याच वर्षांपूर्वीची उन्हाळ्यातली दुपार. गणित: तीन क्ष अधिक पाच बरोबर वीस. हजर: वहिनी, दादा आणि मी. वहिनी जाऊन आता दीड महिना झाला, पण मला हिशेबाची सवय. आठवणसुद्धा अशी नोंदीसारखीच येते...

वहिनी जळकोटच्या. नववीत शाळा सुटली, लग्न झालं, पुढे त्या गल्लीतल्या अंगणवाडीत मदतनीस झाल्या. सेविकेची जागा रिकामी होणार होती, पण त्यासाठी दहावी पास पाहिजे. चाळिशी उलटलेल्या वहिनींनी बाहेरून परीक्षेला बसायचा सतरा नंबरचा फॉर्म भरला. लातुरात शिकवण्यांना तोटा नाही, पण पोरांच्या रांगेत बसायची त्यांना लाज. बाकीचे विषय त्यांनी पाठ केले, गणित माझ्याकडे आलं. त्यात नापास म्हणजे जागा गेली, हे तिघांनाही ठाऊक होतं.

“क्ष म्हणजे आपल्याला माहीत नसलेली संख्या,” मी म्हणालो.

“माहीत न्हाई तर नाव कशाला ठेवायचं, भावजी? लेकराच्या आधी बारसं?”

बरेच दिवस गाडी तिथंच अडली. मग एकदा त्यांनी पाटी पुढे केली: तीन हे अधिक पाच बरोबर वीस. वहिनींनी दादांचं नाव कधी घेतलं नाही, ‘हे’च म्हणायच्या. “नाव न्हाई घेतलं तरी माणूस घरात हायच की,” त्या म्हणाल्या. मी पाटीवर बरोबरची खूण केली. पाच पलीकडे गेले की वजा का होतात, तेही त्यांनीच मला सांगितलं: “पोरगी सासरी गेली की आडनाव बदलतंय, तसंच.” उरले तीन हे. त्यांना तिनानं भागायचं.

दादा ओसरीवरून म्हणाले, “किती दिवस भागायलीस मला? जेवायला वाढ.”

पुढे एका गणिताचं उत्तर आलं वजा दोन. वहिनींनी पेन्सिल खाली ठेवली.

“कुंकवाच्या धन्याला मी वजा लिहू?”

मी समजावलं. जमीन म्हणजे शून्य धरा, विहिरीत दोन पायऱ्या उतरलं की वजा दोन...

“विहिरीत तर मुळीच न्हाई.”

“मग क्ष लिहा.”

“आता क्ष लिहिला तरी मला हेच दिसतेत.”

दादा आत आले. “लिही गं. मी काय लगेच मरत न्हाई. पास हो.”

पेपर देऊन लातूरहून परतल्या तेव्हा मी दारातच विचारलं, “आलं होतं का वजा?” त्या सरळ दादांकडे गेल्या, त्यांच्या कपाळाला हात लावून पाहिला. “बरं वाटतंय न्हवं तुम्हाला?”

“का? काय झालं?”

“वजा तीन लिहून आले.”

गणितात एक्केचाळीस मिळाले. परीक्षकानं ‘हे’ चालवून घेतले. वहिनी सेविका झाल्या आणि पहिल्या मानधनातून त्यांनी टॉवेल-टोपी आणली. गुरू म्हणून मी मांडी घालून, मान पुढे करून बसलो. टोपी दादांच्या डोक्यावर गेली.

“शिकवलं तुम्ही, भावजी. पण भागाकार झाला तो ह्यांचा.”

मला चहा मिळाला.

टॉवेल कधीच विरला. टोपी दादा सणावारी घालत. वहिनींच्या दहाव्याला ते तीच घालून आले. गुरुजी डोकं उघडं करा म्हणाले, तेव्हा दादांनी इकडंतिकडं पाहिलं आणि टोपी माझ्याकडे दिली. विधी संपेपर्यंत मी ती दोन्ही हातांत धरून उभा होतो... मग दादांनी हात पुढे केला, आणि मी ज्याची त्याला दिली.