दोन इंचांचा तपकिरी बटू

आठवीतून शाळा सुटली. परभणीकडचा मी, पोटासाठी कोल्हापुरात येऊन एका पॅटर्न शॉपमध्ये लागलो. फौंड्रीत लोखंड ओतायच्या आधी मातीत लाकडी नमुना दाबून साचा घेतात. ते नमुने आम्ही करायचो. दोन हजार सालच्या आसपासची गोष्ट. मंगळवार पेठेत ज्यांच्याकडे मी खोली घेऊन राहत होतो, त्या बाई हायस्कूलला विज्ञान शिकवायच्या. ड्रॉइंग वाचायला त्यांनीच मला शिकवलं, रविवारी जिन्यात बसवून. हे उपकार कसे फेडायचे, ही टोचणी सारखी असायची.

शाळेच्या प्रदर्शनासाठी त्यांनी आमच्याकडे ग्रहताऱ्यांचे लाकडी नमुने करायचं काम दिलं. शॉपचे मिस्त्री मला म्हणाले, "पावणं, हे एकट्यानं करायचं. जमलं तर पुढची ड्रॉइंगं तुमच्याकडं. न्हाई जमलं तर पॉलिश पेपर घासायला हाईसाच की."

दोन वर्षं झाली तरी मी पावणंच, बाहेरचा. त्यात भावाचं पत्र आलेलं : तिकडं बस्तान बसत नसेल तर परत ये.

कागदावर चार आकार होते. सूर्य, वीस इंचांची चकती. लाल बटू तारा, चार इंचांचा गोळा. गुरू ग्रह दोन इंच. आणि तपकिरी बटू, तोही दोनच इंच. शेजारी वजनं लिहिलेली. गुरू एक धरला तर तपकिरी बटू पन्नास. मी तिथंच अडकलो. वजन पन्नास पट आणि आकार तेवढाच? बाईंची लिहिताना चूक झाली असणार. विचारावं तर मिस्त्रींसमोर त्यांना कमीपणा. म्हणून मीच सांभाळून घेतलं. वजन गुरू आणि लाल बटूच्या मधलं, तर आकारही मधला. तीन इंच.

गोळा झाला, पण जीव थाऱ्यावर येईना. जेवता जेवता उठून कॅलिपर लावायचो. तीन इंच बरोबर भरायचे, आणि त्यानंच जास्त धडधडायचं.

चौथ्या दिवशी सकाळी बाई आल्या. तपकिरी बटू हातात घेतला आणि म्हणाल्या, "हा एवढा कसा रे?"

"बाई, मला वाटलं लिहिताना..."

"व्वा!" मिस्त्री ओरडले. "ज्यांनी शिकवलं त्यांचीच चूक काढलीसा व्हय?"

मला गावची एस.टी. दिसायला लागली. बाई मात्र हसल्या. "शंका बरोबर आहे त्याची. हा तारा होता होता राहिला. पेटण्याइतका माल जमला नाही. पण जो जमला तो फुगत नाही, आतल्या आत दाबला जातो. म्हणून गुरूच्या पन्नास पट जड आणि आकार जवळजवळ तेवढाच."

मिस्त्री म्हणाले, "म्हंजे फौंड्रीतला साच्याच्या मातीचा डबा की! ठोकून भरली तर त्याच डब्यात दुप्पट माती बसती. डबा काय वाढतोय?"

रोज बघतो ते मला सुचलं नव्हतं. नशीब, गोळा मोठा झाला होता. लहान झाला असता तर लाकूडच वाया. बाईंना स्टुलावर बसवून मी तो परत लेथवर चढवला. दोन इंच आला तेव्हा बाईंनी तो गुरूशेजारी ठेवला आणि चारी नमुने पिशवीत भरले.

त्या गेल्यावर मिस्त्रींनी पंपाच्या बॉडीचं ड्रॉइंग माझ्या टेबलावर टाकलं. "वाच. आणि शंका आली की बोंबलायचं. मनातल्या मनात दुरुस्ती न्हाई करायची, कळलं काय रं?"

पावणं म्हणाले नाहीत, हे माझ्या उशिरा ध्यानात आलं. तोवर मी त्यांना तीन शंका विचारल्या होत्या, आणि चौथी तोंडात होती.